बिकोलमधल्या एका घरी स्वयंपाक शिकले: अळू, नारळाचं दूध आणि टेबलावरच्या वाट्या

पाटावरवंटा

फिलिपिन्समध्ये मनिलाहून बिकोल भागातल्या लेगास्पीला जाणारा प्रवासी मायोन ज्वालामुखीसाठी जातो. आम्हीही त्यासाठीच गेलो होतो. जवळजवळ अडीच हजार मीटर उंच आणि उतार इतका रेखीव की शाळेच्या चित्रकलेच्या वहीतला डोंगर वाटावा, असं वाचलं होतं. आम्हाला पायथा तेवढा दिसला, वर नुसते ढग. उतरलो होतो तिथल्या बाईंना आमची दया आली असावी. म्हणाल्या, डोंगर उद्याही तिथेच असेल, आज माझ्या बहिणीकडे स्वयंपाक शिकायला जा.

बहिणीला सगळे मानाय म्हणत, म्हणून आम्हीही म्हटलं. बिकोल भागात थोरल्या बहिणीला मानाय आणि थोरल्या भावाला मानोय. आपल्या ताई-दादासारखं हे कुणालाही चालतं. बाईंचा 'वर्ग' म्हणजे त्यांचं स्वयंपाकघर, मागच्या अंगणातली चूल आणि मधे मधे येऊन झाकण उघडणारी नातवंडं. शुल्क बाजारहाटासकट होतं, आणि आमच्या खोलीच्या एका रात्रीच्या भाड्यापेक्षा कमी.

बाजारात पहिली खरेदी सुक्या अळवाच्या जुड्यांची. होय, आपलंच अळू. तिथे त्याला गाबी म्हणतात. पानं वाळवून, चुरगळून जुड्या बांधतात. त्याचं लाइंग करतात आणि बिकोलची ओळख म्हणजे हा पदार्थ. नारळ बाजारात यंत्रावर खवून मिळतो. मानायच्या घरी जुनी खवणीही होती: घोड्यासारखं बसायचं बुटकं लाकडी बाक आणि पुढे दातेरी पातं. मी सरळ जाऊन त्यावर बसले आणि अर्धी वाटी खवून दाखवली. तिथून पुढे मला पाहुणी म्हणून वागवणं बंद झालं. दिवसभरात यापेक्षा चांगलं काही घडलं नाही.

आता लाइंग. खवलेल्या नारळात थोडं कोमट पाणी घालून पहिलं दाट दूध पिळून बाजूला ठेवायचं. त्याच चोथ्यातून दुसरं, पातळ दूध. पातळ दुधात आलं, लसूण, कांदा, डुकराच्या मांसाचे बारीक तुकडे आणि बागूंग घालायचं. बागूंग म्हणजे जवळ्यासारख्या बारीक कोलंबीचा खारवून आंबवलेला लगदा. नाक सरावायला थोडा वेळ लागतो. यावर सुकं अळू पसरायचं आणि हाताने दाबून दुधात बसवायचं. आणि मग ढवळायचं नाही. मी डाव उचलला तर मानायने तो हातातून काढून घेतला. पानांनी दूध पिऊन घेण्याआधी ढवळलं तर घशाला खाज सुटते, असं तिथे घरोघरी मानतात. मी सांगितलं की आमच्याकडे अळवात चिंच नाहीतर आंबट चुका घालतात, त्यासाठीच. तिला ते ऐकून आश्चर्य वाटलं, कारण लाइंगमध्ये आंबट काहीही नसतं. मंद आचेवर तासभर. शेवटी मिरच्या आणि दाट दूध, आणि कडेने तेल सुटेपर्यंत थांबायचं. मिरच्या बिकोलमध्ये हात सैल सोडून घालतात. बाकी फिलिपिन्सचं जेवण तिखट नसतं, हा भाग अपवाद.

दुसरा पदार्थ कोंबडीचा आदोबो. व्हिनेगर, सोया सॉस, ठेचलेला लसूण, तमालपत्र, अख्खे मिरे. तिथेही तोच दंडक: व्हिनेगर ओतल्यावर उकळी येऊन त्याचा कच्चा वास उडेपर्यंत ढवळायचं नाही. सोया सॉस चिनी व्यापाऱ्यांमुळे आला, नाव स्पॅनिश लोकांनी दिलं, पण मांस-मासे व्हिनेगर-मिठात शिजवून टिकवायची रीत त्याच्या आधीची. सोया न घालता केलेला पांढरा आदोबो आजही घरांत होतो. बिकोलमध्ये त्यातही नारळाचं दूध पडतं, हे वेगळं सांगायला नको.

पण ज्यासाठी हा धागा काढला ते जेवायला बसल्यावर कळलं. टेबलावर तळलेला मासा आला, त्याला मीठ जेमतेम. सोबत रिकाम्या वाट्या आणि मधोमध व्हिनेगर, सोया सॉस, मासळीच्या पाण्याचं पातिस, ठेचलेल्या मिरच्या, लसूण आणि कालामान्सी नावाची सुपारीएवढी लिंबं. प्रत्येकाने आपली वाटी स्वतः कालवायची. याला सावसावान म्हणतात. मानायच्या नवऱ्याने व्हिनेगर-लसूण घेतलं, मुलीने सोया-कालामान्सी, नातवाने दोन्ही एकत्र. रांधणाऱ्या बाईने चव मुद्दाम अर्धीच सोडलेली असते आणि उरलेली अर्धी जेवणारा पुरी करतो. आपल्याकडे पाहुण्याने वरून मीठ मागितलं तर यजमानीण ओशाळते. तिथे तुम्ही वाटीला हातच लावला नाहीत तर ती विचारते, बरं नाही का?

याआधी मनिलात दोन-तीन ठिकाणी जेवून 'फिलिपिनो जेवण अळणी' असं मत झालं होतं आमचं. आम्ही वाट्या न कालवता जेवत होतो, एवढंच.

कुणी असे वर्ग केले असतील तर लिहा. शंका असतील तर विचारा.

शाकाहारी_भटक्या

छान लिहिलंय, पण लाइंगमध्ये मांस आणि कोलंबी, मासा तर मासाच, आदोबोत कोंबडी. आमच्यासारख्यांनी तिथे जाऊन ढग बघायचे का?

पाटावरवंटा

@शाकाहारी_भटक्या, खरं सांगायचं तर अवघड आहे. 'मांस नको' म्हटलं तर मासा येतो, 'मासा नको' म्हटलं तर पातिस आणि बागूंग येतं, कारण तो त्यांच्या लेखी मसाला आहे. बाहेर खाताना भाजीच्या रश्शातही हाडांचं पाणी असू शकतं. म्हणून तर शाकाहारी माणसाने घरगुती वर्गच करावा, तिथे भांडं तुमच्या समोर असतं. आधी कळवून ठेवलंत तर नारळाच्या दुधातला लाल भोपळा आणि चवळीच्या लांब शेंगा, कांगकोंगचा म्हणजे आपल्या नाळीच्या भाजीचा आदोबो, मशरूमचा आदोबो, हे सगळं बागूंगशिवाय नुसत्या मिठावर होतं. लाइंगही होतं. मानायच्या मते ते 'उपासाचं' लाइंग. अंडं चालत असेल तर तोर्तांग तालोंग सोडू नका: वांगं निखाऱ्यावर भाजायचं, सोलायचं, देठासकट चपटं करायचं आणि फेटलेल्या अंड्यात बुडवून परतायचं. भरीत करणाऱ्यांना निम्मं काम येतंच.

बिब्बा

मला या वर्गांचं कौतुक कधी कळलं नाही. परदेशी पाहुण्याला अॅप्रन घालायचा, एक कांदा चिरू द्यायचा, फोटो काढायचा. तेवढ्याच पैशात कारिंदेरियात चार वेळा जेवलो असतो. काचेमागे दहा-बारा पातेली मांडलेली असतात, बोट दाखवायचं, भातावर वाढून मिळतं. तिथे रिक्षावाले, शाळेतल्या बाई, पोलीस जेवतात. खरं घरगुती तेच.

पाटावरवंटा

@बिब्बा, अॅप्रन नव्हता. :) कारिंदेरिया उत्तमच, आम्हीही रोज एकदा तिथेच जेवत होतो. पण काचेमागच्या पातेल्याकडे बघून ढवळायचं कधी नाही हे कसं कळणार? आणि पोलीस वाटीत काय कालवतो हे विचारायची माझी हिंमत झाली नसती.

खलाशी

माझा वर्ग समुद्रावर झाला. मर्चंट नेव्हीत आहे, आमच्या जहाजावर निम्म्याहून जास्त लोक फिलिपिनो असतात आणि बहुतेक वेळा मुख्य आचारीही. त्यामुळे आमच्या रत्नागिरीकडच्या कितीतरी पोरांना वरणाआधी आदोबो करता येतो. दर्यावर त्याचा फायदा म्हणजे व्हिनेगर-मिठामुळे तो टिकतो. वादळात गॅली म्हणजे जहाजाचं स्वयंपाकघर बंद असलं तरी कालचा आदोबो आज जास्त चांगला लागतो.

नाश्त्याला सिनांगाग: रात्रीचा उरलेला भात भरपूर तळलेल्या लसणीवर परतलेला, सोबत अंडं आणि सुकी मासळी किंवा मुरवलेलं मांस. मी आमच्या कुकला एकदा फोडणीचा भात करून दिला. त्याने खाल्ला, हळदीकडे बघितलं आणि विचारलं, लसूण कुठे आहे? तेव्हापासून माझ्या फोडणीच्या भातात लसूण दुप्पट.

भात तिन्ही त्रिकाळ. पाणी मोजायला भांडं नाही, तांदळाच्या थरावर बोटाचं टोक टेकवायचं आणि पहिल्या पेरापर्यंत पाणी. आणि कुणी जेवत असेल आणि तुम्ही समोरून गेलात तर 'काईन तायो' म्हणणारच, या जेवायला. रीत म्हणून म्हणतात, लगेच ताट ओढून बसू नका. आपल्याकडेही तसंच की.

माडाचा_झाप

@पाटावरवंटा, लेख आवडला, मुद्दा पटला नाही. आपल्या ताटाची डावी बाजू मग काय असते? मीठ, लिंबू, चटणी, लोणचं, कोशिंबीर. जेवणाराच घास घासाला ठरवतो कशाला काय लावायचं. वरण-भातावर लिंबू किती पिळायचं हे माझ्या आईने मला कधीच सांगितलं नाही. उलट तिथल्या वाट्या म्हणजे त्यांची डावी बाजूच झाली.

पाटावरवंटा

@माडाचा_झाप, डावी बाजू मला सुचायला हवी होती, मान्य. तरी फरक राहतोच. आपली चटणी-लोणची करणाऱ्या बाईने पूर्ण करून वाढलेली असतात, आपण फक्त किती घ्यायचं ते ठरवतो. आणि डावी बाजू काढून घेतली तरी आमटीची आमटीच राहते. तळलेल्या माशासमोरची वाटी काढून घ्या, मासा अळणी राहतो. आपली बाई तसा मासा वाढणारच नाही, ती हळद-मीठ-आगळ आधीच चोळून ठेवेल.

माडाचा_झाप

बरं, माशापुरतं मानलं. सिनिगांगचं, त्यांच्या आंबट रश्श्याचं काय? ते तर भांड्यातच आंबट होतं.

खलाशी

सिनिगांगच्या सोबतही वाटी असतेच, पातिसमध्ये मिरची चुरडून. त्यातला मासा किंवा मांस उचलून त्यात बुडवायचं. जहाजावर आम्हाला पाकिटातली चिंचेची पूड मिळायची, पण कुकच्या गावी पोचलो तेव्हा त्याच्या आईने कच्च्या चिंचा उकडून, कुस्करून, गाळून घेतल्या होत्या. पाणी तांदळाच्या धुवणाचं. मुळा, अळकुड्या, चवळीच्या शेंगा, शेवटी नाळीची पानं. चिंच नसेल तर कैरी, पेरू किंवा कामियास. इलोइलोकडे बातुआन नावाचं वेगळंच फळ घालतात.

माडाचा_झाप

कामियास म्हणजे बिलंबी, गोव्यात बिंबली म्हणतात ती. आमच्या परसात झाड आहे, खोडालाच लगडते. आम्ही माशाच्या आमटीत घालतो आणि मिठात सुकवूनही ठेवतो. आता आमटी बिनमसाल्याची करून बघावी लागेल.

दावाओची_आई

माझी मुलगी दावाओला, म्हणजे दक्षिणेकडच्या मिंडानाओ बेटावर, वैद्यकीय शिक्षण घेते, तिच्याबरोबर आपल्याकडची बरीच मुलं आहेत. त्यांच्या मेसमध्ये पोळी-भाजी-डाळ मिळते आणि मुलं त्यातच अडकून राहतात. मी गेले तेव्हा हट्टाने तिला घेऊन एका ओळखीच्या कुटुंबाकडे दिवसभर शिकायला गेले.

मिंडानाओचा स्वयंपाक बिकोलपेक्षा वेगळा. त्या बाई ताउसूग, म्हणजे सुलू बेटांकडच्या मुसलमान, त्यामुळे डुकराचं मांस घरात नाही. (शाकाहाराचा प्रश्न सुटत नाही, पण ज्यांना फक्त डुक्कर नको आहे त्यांनी अशी घरं शोधावीत.) त्यांनी तियुला इतुम केलं, गोमांसाचा काळा रस्सा. आम्ही ते खात नाही म्हटल्यावर कोंबडीवर केलं, कुरकुर न करता. काळा रंग कशाचा, तर खोबरं जाळून कोळसा केलेला. आपण वाटणासाठी खोबरं भाजतो आणि जरा जास्त लागलं तर जीव हळहळतो, इथे मुद्दाम ठिक्कर काळं करतात आणि मग हळद, आलं, मिरचीबरोबर वाटतात. कडू होईल असं वाटलं होतं. झालं नाही. धुरकट, जड चव, आपल्या काळ्या रश्श्याची आठवण येते पण गरम मसाल्याचा मागमूस नाही.

मुलगी आता वसतिगृहात शेवग्याची पानं घालून तिनोला करते: कोंबडी, भरपूर आलं, कच्ची पपई, शेवटी पाला. तापात, परीक्षेत, कधीही. शेवग्याचा पाला तिला घरी कधी खपला नाही हे मी इथे नोंदवून ठेवते.

नकाशा_वेडा

थोडा इतिहास. फिलिपिन्सच्या जेवणात भारताचा थेट हात आहे. १७६२ ते १७६४ मनिला इंग्रजांच्या ताब्यात होतं, त्यांच्याबरोबर मद्रासहून शिपाई गेले, त्यातले काही तिथेच काइंता गावात राहिले. त्यांनी 'करी' नेली, तिची कारे-कारे झाली.

बिब्बा

शिपाई गेले आणि राहिले इथपर्यंत बरोबर. करीची कारे-कारे झाली ही सांगोवांगी आहे, पुराव्याने सिद्ध झालेलं नाही. कारे-कारेत शेंगदाण्याचा दाट रस्सा, गाईची शेपटी आणि सोबत बागूंग असतं. नावाची उपपत्ती पाम्पांगा प्रांताचे लोक वेगळीच सांगतात. आपल्याला जगातल्या प्रत्येक पातेल्यात भारत दिसतो.

नकाशा_वेडा

@बिब्बा, ठीक, 'असं सांगतात' वाचावं. मिरची मेक्सिकोहून आली याला तरी हरकत नसावी. मनिला ते आकापुल्को जहाजं १५६५ पासून १८१५ पर्यंत चालली.

बिब्बा

त्याला नाही. :)

कोथरूडकर_वहिनी

उबे म्हणजे काय हो? हल्ली इथल्या आइस्क्रीमच्या दुकानातही जांभळं काहीतरी उबे म्हणून विकतात.

पाटावरवंटा

वहिनी, कोनफळ. जांभळं कोनफळ आणि उबे ही एकच वनस्पती. ते उकडून, किसून, दूध-साखर-लोणी घालून तासभर घोटतात, त्याला उबे हालाया म्हणतात. हात भरून येतो. उपासाला कोनफळाच्या खिरीत साबुदाणा घालणाऱ्यांना चव परकी वाटणार नाही. दुकानातल्या आइस्क्रीमला मात्र बहुतेकदा रंग आणि इसेन्सच असतो, कोनफळाचा स्वतःचा वास फार मंद.

कोथरूडकर_वहिनी

कोनफळ! आणि मी त्या दोन चमच्यांचे अडीचशे मोजले.

गोंयचो_पाव

बिबिंका राहिली. तिथली बिबिंका आणि आमची बेबिंक यांचं नाव सारखं, पदार्थ वेगळे. आमची अंड्याच्या बलकाची, थरावर थर. त्यांची तांदळाच्या पिठाची, नारळाचं दूध घातलेली, केळीच्या पानावर भाजलेली, एकच थर. पण वर झाकणावर निखारे ठेवून भाजायची पद्धत दोन्हीकडे तीच. डिसेंबरात १६ ते २४ तारखेला पहाटेची मिस्सा असते, त्यानंतर चर्चच्या बाहेर गरम गरम विकतात. डिसेंबरात जाणार असाल तर लवकर उठा.

शाकाहारी_भटक्या

आता जावंसं वाटायला लागलंय. व्हिसा, विमान? आणि असा वर्ग शोधायचा कसा? संकेतस्थळांवर जे दिसतात ते सगळे मनिलातल्या चकचकीत स्वयंपाकघरातले.

दावाओची_आई

जून २०२५ पासून भारतीय पासपोर्टवर पर्यटनासाठी १४ दिवस व्हिसा लागत नाही, पण मुदत वाढवून मिळत नाही. अमेरिका, जपान, ऑस्ट्रेलिया, कॅनडा, शेंगेन, सिंगापूर किंवा ब्रिटनचा वैध व्हिसा अथवा निवासपरवाना असेल तर ३० दिवस. परतीचं तिकीट आणि राहण्याचं आरक्षण जवळ ठेवा. निघण्याआधी ई-ट्रॅव्हलची ऑनलाइन नोंदणी करायची, ती फुकट असते. पैसे मागणारं पान दिसलं तर ते खोटं. मुंबईहून आम्ही सिंगापूरमार्गे जातो.

पाटावरवंटा

वर्गाबद्दल: मनिलातले चकचकीत वर्ग वाईट नसतात, पण आदोबो, सिनिगांग आणि लुंपिया (सारण भरून तळलेले रोल) या त्रिकुटापलीकडे सहसा जात नाहीत. आधी प्रदेश ठरवा. नारळाचं दूध आणि तिखट हवं असेल तर बिकोल. पाम्पांगा म्हणजे जड, राजेशाही, सिसिगचं (डुकराच्या मांसाचे बारीक तुकडे परतून केलेला पदार्थ) माहेर. इलोइलोला २०२३ मध्ये युनेस्कोने खाद्यसंस्कृतीचं सर्जनशील शहर म्हणून निवडलं, तिथल्या ला पास बाजारातलं बाचोय, म्हणजे नूडल्सचा रस्सा, प्रसिद्ध आहे. इलोकोसला भाज्या जास्त: कारलं, वांगं, भेंडी यांचं पिनाकबेत, अर्थात बागूंग घालून. मग हॉटेलऐवजी एखाद्या कुटुंबाच्या घरात उतरा आणि पोचल्यावर तिथल्या बाईंनाच विचारा. मी एवढंच विचारेन: बाजारात बरोबर नेणार का, आणि जेवायला घरचे लोकही बसणार का? दुसऱ्याला 'नाही' उत्तर आलं तर मी तो वर्ग घेणार नाही. वाट्या कालवणारी माणसंच समोर नसतील तर पाककृती घरी बसून व्हिडिओवरही बघता येते.

आणि काटा-चमचा: उजव्या हातात चमचा, डाव्यात काटा, सुरी नसते. हाताने जेवायलाही कुणी नावं ठेवत नाही, त्याला कामायान म्हणतात. आम्ही हाताने जेवलो तेव्हा मानायची नातवंडं आमच्या बोटांकडे बघत होती. ती बोटांच्या टोकांवर भाताची मूद करून अंगठ्याने आत ढकलतात, आपण कालवतो.

कोथरूडकर_वहिनी

मी लाइंग करायचं म्हणते, शाकाहारीच. अळू वडीचं घेऊ की भाजीचं? आणि वाळवू कुठे, इथे तर पाऊस.

पाटावरवंटा

भाजीचं घ्या, कोवळं. देठ काढून पानं पंख्याखाली कागदावर दोन-तीन दिवस पसरा, हातात चुरगळायला लागली की झालं. पावसात अजिबात वाळत नसतील तर कढईत अगदी मंद आचेवर कोरडी करा, पण करपवू नका. मीठ शेवटी घाला, पानं बसून एवढीशी होतात. बागूंगच्या जागी काहीच नको, आलं थोडं वाढवा. आणि घरात कुणाला अळू खाजतं असं माहीत असेल तर सरळ दोन आमसुलं टाका, मानायला मी सांगणार नाही.

खलाशी

आदोबो करणाऱ्यांसाठी: पांढरं बाटलीतलं सिंथेटिक व्हिनेगर वापरू नका, नुसतं घशाला झोंबतं. तिकडे उसाचं, निपा पामचं आणि माडाच्या ताडीचं अशी तीन तरी व्हिनेगरं असतात. ताडीचं वापरलं तर चव बसते.

गोंयचो_पाव

ताडीचं म्हणजे आमचं माडाच्या सुरेचं व्हिनेगर, सोर्पोतेलात, म्हणजे आमच्या डुकराच्या मांसाच्या कालवणात जातं तेच. शुक्रवारी म्हापशाच्या बाजारात जुन्या बाटल्यांत भरलेलं मिळतं. विकणारी बाई वास घेऊ देते, तो घेऊनच घ्या. पाणी घातलेलं लगेच कळतं. आणि बूच घरी आल्यावर बदला, बसमध्ये माझ्या पिशवीतले काजूही आदोबो झाले होते.